चूल वेगळी होण्याआधी

घरातल्या भांडणावर चित्रपट काढायला बसलं की बहुतेकांचा पहिला हात आवाजाकडे जातो. पात्रं ओरडतात, भांडी आदळतात, कुणीतरी कुणाच्या कानाखाली देतं आणि बघणाऱ्याला वाटतं, घरात काय चाललंय ते कळलं. मला अशा चित्रपटांतून फारसं काही कळत नाही. भांडण तोंडावर आलं की निम्मं मिटलेलंच असतं; निदान कोण कुठल्या बाजूला आहे ते तरी उघड होतं. ताण असतो तो त्याच्या आधीचा. भाऊ भावाच्या गाडीची किल्ली न विचारता उचलायचा, तो आता विचारून नेतो. आई दोन्ही सुनांना एकाच हाकेत बोलवायची, ती आता दोन हाका मारते. जेवताना कुणी भाजी परत मागत नाही. बाहेरून आलेल्या पाहुण्याला यातलं काहीच जाणवणार नाही. घरातल्यांना मात्र दुसरं काही सुचत नसतं.

हे सगळं दहा, वीस, तीस मिनिटांत पडद्यावर आणायचं म्हणजे मागची गोष्ट सांगायला वेळच नाही. आजोबांनी कुणाला काय दिलं, कुठल्या लग्नात मानपान राहिला, कुणाच्या शिक्षणाला पैसे कमी पडले, हे मोठ्या चित्रपटाला परवडतं. लघुपटाला ते एखाद्या वस्तूच्या अंगावर टाकावं लागतं. घरातली एक वस्तू किंवा एक आवाज निवडायचा आणि सगळ्या घराचा भार त्यावर येऊ द्यायचा. ज्यांना ही निवड साधली अशा काही कलाकृतींवरची टिपणं या पुस्तिकेत आहेत. काही आपल्याकडच्या आहेत, काही पोलंडच्या. लिहिताना डोळ्यांपुढे होती ती मुळशी तालुक्यातलं रिहे गाव आणि आसपासच्या वाड्यांतली, हातात मोबाईल घेऊन काहीतरी टिपू पाहणारी मुलंमुली.

पोलंडच का, असं रिह्यातल्या वाचकाने विचारलं तर त्यात गैर काही नाही. तसा पोलिश माणूस महाराष्ट्राला अगदीच परका नाही. दुसऱ्या महायुद्धात रशियाने हाकलून नेलेल्या आणि पुढे वाट फुटेल तिथे पांगलेल्या पोलिश कुटुंबांपैकी सुमारे 5,000 माणसं 1943 ते 1948 या काळात कोल्हापूरजवळ वळिवड्याला राहिली. त्यांत बायका आणि मुलंच जास्त होती. कर्ते पुरुष युद्धावर, नाही तर मेलेले. त्या बराकींतली घरं कशी चालली असतील यावर एखाद्या कोल्हापूरकराने चित्रपट काढायला हवा. पण इथे पोलंड आलाय तो वेगळ्या कारणाने. युद्धात शहरं बेचिराख झाली, त्यानंतर सरकारने एकसारख्या इमारती उभ्या केल्या, आणि तरीही घरासाठी वर्षानुवर्षं नंबर लावून बसावं लागायचं. दोन खोल्यांत तीन पिढ्या राहणं तिथे नेहमीचं होतं. दिग्दर्शकांना घर हा विषय शोधायला लांब जावं लागलं नाही.

त्या गर्दीचा सगळ्यात नेमका लघुपट म्हणजे झ्बिग्नेव्ह रिब्चिन्स्कीचा ‘टँगो’. 1981 चा, जेमतेम आठ मिनिटांचा, वूच शहरातल्या सेमाफोर स्टुडिओत केलेला. एक खोली, कॅमेरा जागचा हलत नाही. खिडकीतून चेंडू आत येतो. मागोमाग एक मुलगा चढून येतो, चेंडू उचलतो, निघून जातो. पुन्हा चेंडू येतो, पुन्हा मुलगा येतो. मग एक बाई तान्ह्या बाळाला घेऊन येते. चोर येतो आणि कपाटावरचं पुडकं लांबवतो. बल्ब बदलायला कुणी टेबलावर चढतो आणि पडतो. एकेक करत छत्तीस माणसं त्या खोलीत आपापलं काम पुन्हा पुन्हा करत राहतात, आणि कुणाचाही कुणाला धक्का लागत नाही. एकजण दुसऱ्याकडे बघत नाही. संगणकाच्या आधीचे दिवस असल्याने हे सगळं सेलवर, म्हणजे पारदर्शक फिल्मच्या तुकड्यांवर, हाताने कापून-रंगवून, थरावर थर चढवून जमवलेलं आहे. त्यासाठी सुमारे 16,000 सेल लागले. 1983 साली त्याला ऑस्कर मिळालं. (बक्षीस घेऊन गृहस्थ सिगारेट ओढायला बाहेर गेले, दारावरचा रखवालदार आत सोडेना, धक्काबुक्की झाली आणि ऑस्करविजेत्याची ती रात्र कोठडीत गेली.) ‘टँगो’त एक शब्द नाही, भांडण तर नाहीच. तरी ज्याने एका खोलीत सात-आठ माणसांसोबत दिवस काढलेत त्याला तो बघताना छातीवर दडपण येतं. माणसं एकमेकांना आपटत नाहीत, कारण आपटायचं नाही हे त्यांनी शिकून घेतलंय. घरातल्या शांततेला किती कष्ट पडतात ते त्यात दिसतं.

आपल्याकडे याच्या जवळ जाणारं काम पुण्यात झालं, तेही शिकाऊ पोरांच्या संस्थेत. प्रभात स्टुडिओच्या आवारात 1960 साली सुरू झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून उमेश कुलकर्णी यांचा ‘गिरणी’ 2005 साली आला. लांबी वीस-बावीस मिनिटं. पुढे ‘वळू’, ‘विहीर’, ‘देऊळ’ केलेल्या या दिग्दर्शकाचं मला आजही सगळ्यात आवडणारं काम हेच. लहान घर, आई आणि शाळकरी मुलगा. घर चालवायला आई दळणाची गिरणी घेते आणि ती घरातच बसवते. सुरुवातीला मुलालाही कौतुक. मग गिरणीचा आवाज घरात राहायला येतो.

ज्यांच्या घरात कधी गिरणी होती त्यांना त्याचा अर्थ वेगळा सांगायला नको. पट्टा सुरू झाला की जमीन थरथरते, मांडणीवरचे पेले एकमेकांना लागून किणकिणतात. पिठाची धूळ भुवयांवर बसते, वहीच्या पानांत जाते, दप्तराच्या शिवणीत जाते. वर्गात मुलं हसतात. बाजरीनंतर गहू टाकला की पहिलं पायलीभर पीठ करडं येतं, मग ते बाजूला काढायचं. ते कुणाच्या डब्यात जायचं यावरून गिऱ्हाइकाशी वाद. शेजारपाजारचे डबे नावाच्या चिठ्ठ्या लावून ओळीने ठेवलेले. अभ्यासाला बसावं तर आवाज, झोपावं तर आवाज, आणि आवाज थांबला तर घरात पैसा नाही.

कुलकर्णींनी यात एक गोष्ट फार नीट ओळखली आहे. मुलगा आईशी भांडू शकत नाही, कारण आई चुकलेली नाही. तिने जे केलं ते त्याच्यासाठीच केलं. मुलाचा रागही खोटा नाही. दोघांचंही बरोबर आहे आणि तरी घरात श्वास घेता येत नाही. अशा वेळी राग जायचा कुठे? तो गिरणीकडे जातो. माणसावर काढता न आलेला राग यंत्रावर साठत जातो. शेवटी काय होतं ते मी इथे सांगणार नाही. चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो मिळायलाच हवा होता. पण त्याहून मला महत्त्वाचं वाटतं ते हे, की त्यात खलनायक नाही आणि खलनायक नसल्यामुळे सुटका नाही.

याच्या शेजारी ठेवून पाहावा असा पोलिश लघुपट म्हणजे तोमाश श्लिविन्स्की याचा 2013 चा ‘आमचा शाप’. तो माहितीपट आहे, पण घरातल्या ताणावर इतकं उघडं काम मी क्वचित पाहिलंय. दिग्दर्शक स्वतः बाप, त्याची बायको आई, आणि नुकतं जन्मलेलं बाळ लिओ. बाळाला असा दुर्मीळ आजार आहे की झोप लागली की श्वास थांबतो. रोज रात्री त्याला श्वास देणाऱ्या यंत्राला जोडावं लागणार, जन्मभर. नवरा-बायको रात्री सोफ्यावर बसतात, वाईन ओततात आणि समोर ठेवलेल्या कॅमेऱ्यासमोर बोलतात. बोलणं अर्धवट, थकलेलं. जे एरवी कुणी कबूल करत नाही तेही त्यात येतं: हे बाळ जगावं का, आपल्याला हे झेपेल का. मधून बाळाच्या खोलीतलं यंत्र वाजतं आणि दोघं उठून पळतात. अर्ध्या तासाच्या आतली ही गोष्ट 2015 साली ऑस्करच्या शेवटच्या यादीत गेली.

‘गिरणी’तलं यंत्र घराला पोसतं, श्लिविन्स्कीचं यंत्र मुलाला जिवंत ठेवतं. दोन्ही घरांना ते यंत्र नकोसं आहे आणि दोघांनाही ते बंद करता येत नाही. एक कथा, एक खरं घर, आणि पुणे-वॉर्सा यांच्यात हजारो किलोमीटरचं अंतर. तरी दोघांच्या हाती लागली ती एकच युक्ती, कारण घर असंच चालतं.

नागराज मंजुळे यांचा ‘पावसाचा निबंध’ मुळशीकरांना वेगळ्या कारणाने जवळचा वाटेल. ताम्हिणी घाटाचा पाऊस अंगावर घेतलेल्या माणसाला पाऊस म्हणजे काय ते शिकवावं लागत नाही. शाळेत निबंध दिलाय, पावसाच्या सौंदर्यावर. इकडे राजाच्या घरी छप्पर गळतंय, बाप दारूत बुडालेला, आई आणि लहान बहीण. निबंध लिहायचा तो याच पावसात, याच घरात. 2017 सालच्या चित्रपटांसाठीच्या 65 व्या राष्ट्रीय पुरस्कारांत नॉन-फीचर विभागात मंजुळ्यांना दिग्दर्शनाचा आणि अविनाश सोनवणे यांना ध्वनीचा पुरस्कार मिळाला. ध्वनीचा पुरस्कार मला जास्त बोलका वाटतो. या लघुपटात पाऊस दिसतो त्याच्या दुप्पट ऐकू येतो, आणि तो ऐकत असताना घरातलं कुणी फारसं काही बोलत नाही. एक तक्रार मात्र आहे. कॅमेऱ्याने पाऊस इतका देखणा टिपलाय की शाळेला हवा होता तो निबंध कॅमेऱ्यानेच लिहून दिला की काय, असं अधूनमधून वाटतं. बहुधा तोच डाव असावा. पण प्रत्येक प्रेक्षक तो ओळखेलच असं नाही. काही जण हिरवे डोंगर बघून खूश होऊन उठतील.

आता रिह्याकडे येतो.

चांदणी चौक, भूगाव, पिरंगुट, मग घोटवडे फाट्यावरून आत वळलं की रिहे खोरं सुरू होतं. जूनपासून ऑक्टोबरपर्यंत इथे जिकडेतिकडे भात. पूर्वी आंबेमोहर, आता बहुतेक खाचरांत इंद्रायणी. चिखलणी, लावणी, बेणणी, कापणी, झोडपणी. डोंगराच्या पलीकडच्या अंगाला हिंजवडी, तीही याच मुळशी तालुक्यात. इकडच्या कितीतरी घरांत एक भाऊ नांगर धरणारा आणि दुसरा पलीकडे कंपनीच्या बसवर किंवा सिक्युरिटीला. रस्त्याच्या कडेला प्लॉटिंगच्या पाट्या. एकर कुणी बोलत नाही, सगळा हिशेब गुंठ्यात.

घरंही बदलली. जुन्या घराला पुढे पडवी, मग ओटी, मग माजघर, मागे न्हाणी. त्या रचनेत रागावलेल्या माणसाला जायला जागा होती. बाप ओटीवर, मुलगा पडवीत, सून माजघरात. एकाच छपराखाली चार दिवस एकमेकांसमोर न येता काढता यायचे. आता स्लॅबच्या घरात एक हॉल आणि त्यात टीव्ही. तोंड लपवायला जागा उरली नाही. मग विटेची अर्धी भिंत मधे येते. पुढे महावितरणचं दुसरं मीटर बसतं. मग तहसील कचेरीत जाऊन रेशनकार्ड विभक्त करून आणलं जातं. ज्याला इथल्या घरावर लघुपट काढायचाय त्याने संवाद लिहायच्या आधी बाहेरच्या भिंतीवर किती मीटर आहेत ते मोजून घ्यावं. दोन मीटरमधलं वीतभर अंतर बघून मला नेहमी ‘टँगो’ आठवतो.

मुळशीच्या जमिनीवर मोठा चित्रपट येऊन गेला आहे. प्रवीण तरडे यांचा ‘मुळशी पॅटर्न’ 23 नोव्हेंबर 2018 ला आला आणि तालुक्याचं नाव महाराष्ट्रभर वाक्प्रचारासारखं वापरलं जाऊ लागलं. तरडे स्वतः मुळशीचे, त्यामुळे त्यातली बोली आणि माणसं खोटी वाटत नाहीत. जमीन गेली, पैसा उडाला, बाप लाचार झाला आणि मुलगा टोळीत गेला, हा त्याचा रस्ता. मोहन जोशींनी केलेला बाप मला त्यातला सर्वांत खरा वाटतो. पण चित्रपट घरातून फार लवकर बाहेर पडतो. एकदा कोयते निघाले की घराकडे कुणी वळून बघत नाही. जमीन विकल्यावर टोळीत जाणारी पोरं थोडी. विकल्यावर घरातच राहून एकमेकांशी बोलेनाशी झालेली माणसं कितीतरी जास्त. त्यांच्यावर कुणी चित्रपट काढलेला माझ्या पाहण्यात नाही.

आणि दिवस तसे आलेही आहेत. पुण्याच्या वर्तुळाकार रस्त्याचा पश्चिमेकडचा भाग मुळशीतून जातो. रिहे, घोटवडे, उरवडे या गावांच्या हद्दींत त्याची आखणी झाली. भूसंपादनाची नोटीस घरात आली की तिच्यामागे मोबदला येतो, आणि मोबदला यायच्या आधी नावं येतात. सातबाऱ्यावर आजोबांचंच नाव अजून असतं. वारस नोंदी लावायच्या राहिलेल्या. चुलते, त्यांची मुलं, मुंबईला गेलेला एक धाकटा, आणि ज्यांची नावं कुणी कधी धरलीच नव्हती त्या आत्या. काल जी भाऊबीजेला येऊन ओवाळून गेली तिची सही लागते, हे घराला त्या दिवशी कळतं.

क्रिस्तोफ किश्लोव्स्कीच्या ‘डेकालॉग’मधला दहावा भाग मला इथे आठवल्याशिवाय राहत नाही. ‘डेकालॉग’ म्हणजे 1988 च्या सुमाराला पोलिश दूरचित्रवाणीसाठी केलेले, प्रत्येकी तासाभराचे दहा चित्रपट. सगळे वॉर्सातल्या एकाच वसाहतीत घडतात, आणि लेखनात किश्लोव्स्कीच्या जोडीला क्रिस्तोफ पिएसेविच हा वकील होता. वकील असल्याचा फायदा दहाव्या भागात फार दिसतो. बाप मेला. दोन मुलगे, बापाशी फारसं न पटलेले. एक संसारी, एक बँडमध्ये गाणारा. बापाच्या बंद घरात त्यांना पोस्टाच्या तिकिटांचा संग्रह सापडतो. आधी त्यांना वाटतं, रद्दी आहे. मग कळतं की हिची किंमत अफाट आहे. त्या क्षणापासून दोघं बदलतात. कुलपं वाढतात, कुत्रा आणला जातो. एका दुर्मीळ तिकिटाच्या बदल्यात थोरला आपलं मूत्रपिंड देऊन बसतो, आणि तो इस्पितळात असताना घर फुटतं, संग्रह जातो. आता चोरी कुणी केली? धाकटा गुपचूप पोलिसांना सांगतो, मला भावाचा संशय आहे. थोरलाही वेगळा जाऊन तेच सांगतो.

हा भाग विनोदी आहे, हे पहिल्यांदा बघताना लक्षात येत नाही. रिह्यातल्या माणसाला तो बघून हसू आधी येईल. तिकिटांच्या जागी तीस गुंठे ठेवा, पोलिसांच्या जागी तलाठी कार्यालय. भावाची तक्रार घेऊन भाऊ तलाठ्याकडे जातो आणि बाहेर पडताना दुसरा भाऊ आत शिरताना भेटतो. किश्लोव्स्कीच्या भावांच्या वाट्याला शेवटी काही उरत नाही, आणि मगच ते पुन्हा एकमेकांकडे बघून हसू शकतात. हा शेवट पोलिश आहे. आपल्याकडे मोबदला खात्यात जमा होतो आणि हसायची सोय राहत नाही.

पण आपल्या घरात एक माणूस आहे जो किश्लोव्स्कीच्या या गोष्टीत नाही. ती बहीण. कायदा तिच्या बाजूचा आहे. महाराष्ट्राने 1994 साली हिंदू वारसा कायद्यात बदल करून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हक्क दिला, तो केंद्राच्या 2005 च्या बदलाच्या अकरा वर्षं आधी. 11 ऑगस्ट 2020 ला सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा प्रकरणात आणखी स्पष्ट केलं की 2005 साली बाप हयात असो वा नसो, मुलीचा हक्क अबाधित आहे. कागद पक्का झाला आणि त्याच वेळी कागद सोडवून घेण्याचीही घाई झाली.

हक्कसोडपत्राचा दिवस असा असतो. सकाळी भाऊ गाडी घेऊन बहिणीच्या सासरी येतो. एरवी माहेरची गाडी आली की ती दारात धावते, आज पदर नीट करत सावकाश येते. पिशवीत आधारकार्ड, पॅनकार्ड, दोन फोटो. नवरा काही बोलत नाही. तो गाडीत बसतो की घरीच राहतो यावर बराच अर्थ अवलंबून असतो. पौडला दुय्यम निबंधकाच्या कचेरीबाहेर स्टॅम्पवेंडर आणि टायपिंगवाले. पाचशे रुपयांचा मुद्रांक. मजकूर आधीच तयार असतो, त्यात राजीखुशीने, कुणाच्याही दडपणाशिवाय वगैरे शब्द असतात, आणि ते तिला कुणी वाचून दाखवतं, कुणी दाखवत नाही. दोन साक्षीदार. नंबर येईपर्यंत बाकावर बसायचं. भाऊ चहा आणतो, ती अर्धा पिते. मग आत. अंगठा यंत्रावर दाबायचा. शेतात, चुलीपाशी झिजलेला अंगठा पहिल्यांदा उठत नाही, पुसून पुन्हा लावावा लागतो. टेबलावर वाकड्या मानेचा छोटा कॅमेरा असतो. “ताई, इकडे बघा.” ती बघते. ओळीतल्या मागच्या माणसाला घाई असते. संपलं. बाहेर येऊन सगळे एखाद्या हॉटेलात जेवतात. पुढच्या सणाला तिला चांगल्यातली साडी येते.

यात बहिणीवर अन्याय झाला का? बऱ्याचदा झालेला असतो आणि तो अन्यायच आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण नुसतं तेवढं सांगणारा लघुपट भाषण होईल. तिला विचारलं तर ती म्हणेल, भाऊ तुटला तर मी कुठे जाऊ. सही देताना ती गुंठ्यांचा हिशेब करत नसते; आई आजारी पडली तर दार उघडेल का, मुलीच्या लग्नात मामा उभा राहील का, याचा करत असते. भावालाही रात्री झोप लागत नाही. त्याला ते बरोबर वाटत नाही आणि न करताही राहवत नाही. ‘गिरणी’तल्या आई-मुलासारखंच, इथेही कुणाला खलनायक करून मोकळं होता येत नाही. आणि सरकारने इथे दिग्दर्शकाचं काम निम्मं करून ठेवलंय: कचेरीतल्या त्या कॅमेऱ्याने काढलेला तिचा फोटो. याच्याहून बोलका क्लोज-अप कुठल्या अभिनेत्रीला मागून मिळणार नाही. लघुपट त्या एका फोटोवर उभा राहू शकतो. तिला रडवायची गरज नाही, भावाला दुष्ट करायची गरज नाही. वकिलाच्या तोंडी कायदा घालायची तर अजिबातच नाही.

ज्यांना हे करून बघायचंय त्यांना दोन-तीन गोष्टी व्यवहाराच्या. मोबाईलने चित्र चांगलं येतं, आवाज येत नाही. पत्र्याच्या घरात पावसाळ्यात बोलणं ध्वनिमुद्रित करायचा हट्ट सोडा. त्याऐवजी पत्र्यावरचा पाऊसच वेगळा टिपून ठेवा, तो उपयोगी पडतो. कॉलरला लावायचा साधा माइक हजाराच्या आत मिळतो आणि तो कॅमेऱ्यापेक्षा जास्त कामाचा. घरातल्या सगळ्यांची ओळख करून देण्यात पहिली पाच मिनिटं घालवू नका. नातं काय आहे ते कोण कुणाच्या ताटात वाढतं यावरून कळतं. पार्श्वसंगीत शक्यतो लावू नका. रात्री दहानंतर रिह्यात बेडूक आणि कुत्री एवढंच ऐकू येतं, तेवढं पुरे.

एक प्रश्न मात्र यापेक्षा अवघड आहे. स्वतःच्या घरावर चित्रपट काढायचा तर घरच्यांना विचारायचं का? श्लिविन्स्कीने बायकोला सोफ्यावर शेजारी बसवलं, म्हणजे विचारलं असणार. पोलंडमध्येच मार्सेल आणि पावेल वोजिन्स्की या बापलेकांनी याचा वेगळाच अनुभव घेतला. दोघंही नावाजलेले माहितीपटकार. घरातल्या जुन्या गोष्टींवर, आईबापाच्या मोडलेल्या संसारावर बोलायचं म्हणून दोघं कॅमेरे घेऊन गाडीतून पॅरिसच्या प्रवासाला निघाले. एकत्र चित्रपट करायचा होता. परत येऊन संकलनाला बसल्यावर काय ठेवायचं आणि काय काढायचं यावर एकमत होईना. शेवटी 2013 साली त्याच प्रवासाचे दोन वेगळे चित्रपट निघाले, एक बापाचा, एक लेकाचा. दोघांच्या चित्रपटांत दोघंही आहेत आणि गोष्ट एक नाही. हे अपयश समजायचं की घरातल्या ताणावरचं सगळ्यात प्रामाणिक काम, यावर माझं मत दुसऱ्या बाजूचं आहे. वाटणीनंतर भावाभावांनी असे दोन लघुपट काढले तर त्यांतला एकच बघून चालणार नाही.

रिह्यासारख्या गावात हा प्रश्न आणखी टोकदार होतो. इथे पात्रांची नावं बदलली तरी बैल कुणाचा, अंगण कुणाचं, हे पहिल्या दृश्यातच सगळ्यांना कळतं. मी एवढंच सुचवेन, की चित्रित केलेलं गावात दाखवायच्या आधी ज्याच्या घरातलं आहे त्याला एकट्याला दाखवावं, आणि त्याने नाही म्हटलं तर ते दृश्य काढून टाकावं, कितीही चांगलं उतरलेलं असलं तरी. लघुपट वीस मिनिटांत संपतो, त्या दोघांना पुढची तीस वर्षं एकाच बांधावरून जायचं असतं.

पुढची टिपणं कुठूनही वाचता येतील, त्यांना क्रम नाही. मात्र ‘गिरणी’वरचं टिपण लघुपट पाहिल्यावरच उघडावं. त्यात शेवट सांगून टाकलाय, आणि तो सांगितल्याशिवाय त्याच्यावर काही लिहिता येत नाही.